तांबडं तीर्थ : साहित्य आणि कृती

संहितेच्या नवव्या पानावर कंसात एक ओळ होती : (भगत बोट कापतो. रक्ताचा थेंब परातीत पडतो. सगळं तीर्थ तांबडं होतं.) आणि अकराव्या पानावर दुसरी : (ती लिंबू पिळते. तीर्थ पुन्हा पिवळं होतं.)

लिहिणाऱ्याला कंस टाकायला काय जातं! कॉलेजच्या एकांकिकेत मी प्रॉपर्टी बघायचे. कंदील, काठी, सुपारी, घुंगरू, नारळ ही सगळी यादी मी दोन दिवसांत गोळा केली होती. ‘तीर्थ’ या शब्दापुढे मात्र तीन आठवडे पेन्सिलीचं प्रश्नचिन्ह होतं.

गोष्ट थोडक्यात अशी. कोकणातल्या एका वाडीत देवीच्या परातीत पिवळं पाणी ठेवतात. खऱ्या नवसाच्या माणसाचं रक्त त्यात पडलं की ते पाणी तांबडं होतं, आणि ते प्यायलं की घराण्यावरचा शाप उतरतो. असलं तीर्थ कुठेही नाही, आमच्या लेखकाने ते परळच्या एका टपरीवर तीन कटिंगमध्ये जन्माला घातलं. शेवटी सून सगळ्यांसमोर लिंबू पिळून भगताची लबाडी उघडी पाडते. म्हणजे प्रेक्षकाला अकराव्या पानापर्यंत तीर्थ खरं वाटलं पाहिजे आणि अकराव्या पानावर खोटं. दोन्ही कामं एकाच पाण्याने करायची होती.

पहिल्यांदा मी सरळ नाटकाचं रक्त आणलं. ड्रेपरीवाल्याकडे बाटलीत मिळतं ते. दाट, चिकट, दिसायला झकास. पण ते आधीपासूनच लाल. थेंबाने परातभर पाणी लाल व्हायला हवं तर बादलीभर ओतावं लागेल. त्यातून एक उपयोग झाला. म्हातारीला वाटीतून तीर्थ पाजतात त्या प्रसंगासाठी मी पिता येईल असं रक्त करायला शिकले. क्रॉफर्ड मार्केटजवळ बेकरीचं सामान मिळतं तिथून लिक्विड ग्लुकोज, खायचा लाल रंग आणि कोको पावडर आणली. नुसता लाल रंग घातला की रूह अफजा दिसतं. कोको घातला की रक्ताचा तो गढूळ, मातकट जडपणा येतो, आणि सुईच्या टोकाएवढा निळा रंग टाकला की पोटात कालवतं. म्हातारी करणारी मुलगी तालमीला ते चमचाभर जास्तच प्यायची, कारण चव चॉकलेटची होती.

पण रंग बदलणाऱ्या पाण्याचं काय?

आमच्या केमिस्ट्रीच्या मॅडम त्रिशूरच्या, मुंबईत पंचवीस वर्षं, मराठी आमच्यापेक्षा स्वच्छ. त्यांनी प्रॅक्टिकल संपल्यावर मला थांबवून घेतलं. फिनॉल्फ्थॅलीन दाखवलं. पारदर्शक पाण्यात सोडा पडताच रंग आला खरा, पण तो होळीतल्या पिचकारीसारखा गुलाबी. दिग्दर्शक म्हणाला, “शाप उतरणार की नेलपॉलिश?” मग मॅडमनी फेरिक क्लोराइडमध्ये पोटॅशियम थायोसायनेटचे दोन थेंब टाकले. असं रक्त मी सिनेमातही पाहिलेलं नाही. मी बाटलीकडे हात नेला आणि मॅडमनी ती कपाटात ठेवून कुलूप लावलं. “स्टेजवर मुलं हात घालणार ना त्यात? मग नाही.” विषय संपला.

जास्वंदही करून बघितली. तिची मला लहानपणापासून ओळख. सातवीत असताना शाळेत अंधश्रद्धा निर्मूलनवाले आले होते. त्यांनी सुरीने लिंबू कापलं आणि आतून लाल रस गळला. अख्खा वर्ग किंचाळला. मग त्यांनी सांगितलं की सुरीच्या पात्यावर आधी जास्वंदीचं फूल चोळून वाळवलंय, लिंबाचं आम्ल लागलं की ते लाल होतं. सगळ्या वर्गाने टाळ्या वाजवल्या. त्या रात्री मी वरणावर लिंबू पिळून घेतलं नाही, हेही इथेच सांगून टाकते. तर जास्वंद लिंबाने लाल होते, आणि मला हवं होतं बरोबर उलटं.

उत्तर आमच्या चाळीच्या मोरीत मिळालं. चुलतभावाच्या हळदीला घातलेला माझा पांढरा कुर्ता भिजत टाकला होता. मी वडी उचलली तर आई आतून ओरडली, “अगं, साबण नको लावूस आधी, लाल होईल!” तोवर लावून झाला होता. छातीवरचा पिवळा पंजा माझ्यासमोर तांबडा झाला. हे मी जन्मापासून शंभरदा पाहिलं असेल. आपल्याकडे कुठल्या बाईने पाहिलं नाही? पण त्या दिवशी मी तो कुर्ता तसाच हातात धरून मोरीत उभी राहिले आणि बाहेर नळाला रांग लागली तरी मला कळलं नाही.

दुसऱ्या दिवशी मॅडमना सांगितलं तर त्या हसायलाच लागल्या. हळदीतलं करक्युमिन आम्लात आणि साध्या पाण्यात पिवळं राहतं, पीएच साडेआठच्या पुढे गेला की तांबूस व्हायला लागतं. साबण अल्कधर्मी, म्हणून डाग लाल. लिंबू पिळलं की परत पिवळं. अकराव्या पानासकट सगळी संहिता एका डागात होती. “पण तुला माहितीय का,” त्या म्हणाल्या, “हे आमच्याकडे देवळात खरंच करतात. गुरुती म्हणतात त्याला.” केरळातल्या भद्रकालीच्या देवळांत हळद आणि चुना पाण्यात कालवून लाल पाणी करतात आणि ते रक्ताच्या जागी देवीला वाहतात. कोचीजवळच्या चोट्टानिक्कराला त्यांनी लहानपणी पाहिलं होतं, संध्याकाळच्या अंधारात, मशालींच्या उजेडात. “आम्ही मुलं घाबरून आईच्या साडीत तोंड लपवायचो. आजी सांगायची, अगं, हळद आहे. तरी घाबरायचो.”

मग मला आमच्या आजीचा कोहळा आठवला. वास्तुशांतीला कोहळा फोडून त्यात कुंकू भरायची ती. बोकडाऐवजी हो, म्हणायची, इतक्या साधेपणाने की जसं साखरेऐवजी गूळ. आमच्या लेखकाला वाटत होतं की त्याने काहीतरी नवीन शोधून काढलंय. मी त्याला काही बोलले नाही.

आता प्रत्यक्ष कृती. लालबागला मसाल्याच्या दुकानातून पाव किलो हळद घेतली आणि कोपऱ्यावरच्या पानवाल्याकडून चुना. चुना पाण्यात ढवळून रात्रभर ठेवला, सकाळी वरची निवळी अलगद काढून घेतली. हळद नुसत्या पाण्यात नीट उतरत नाही, तळाशी गाळ बसतो आणि परात हलवली की पिठलं दिसतं. म्हणून ती आधी स्पिरिटमध्ये भिजवून फडक्याने गाळली आणि तो अर्क पाण्यात घातला. आता पाणी हवं तसं पिवळं आणि बिनगाळाचं झालं.

भांड्यावरून भांडण झालं. दिग्दर्शकाला काचेचा वाडगा हवा होता, सगळ्यांना रंग दिसावा म्हणून. कोकणातल्या देवळात काचेचा वाडगा! मी घरून आईची पितळी परात आणली. माळ्यावर असायची ती, लग्नकार्यात जावयाचे पाय धुवायला काढायची. परात प्रेक्षकांकडे थोडी कलती ठेवली, आत पिवळं पाणी ओतलं आणि मागच्या रांगेत जाऊन बसले. पितळ पिवळं, पाणी पिवळं. परातीत काही आहे हेच कळत नव्हतं. मग भगताने हात बुडवला आणि रिकाम्या परातीतून रक्त वर आलं. तालमीच्या वर्गात पंखा तेवढा वाजत होता. दिग्दर्शकाने काचेच्या वाडग्याचं नाव पुन्हा काढलं नाही.

एका थेंबाने दोन वाट्या पाणी लाल होत नाही, हे उघड आहे. भगताच्या मुठीत निवळीत भिजवलेला स्पंजचा तुकडा असायचा. तो चाकू बोटावरून फिरवायचा, मूठ पाण्यात दाबायचा आणि बोटं पसरायचा. तिसऱ्या तालमीला तो मूठ उघडेना. चुन्याने तळव्याचं साल गेलं होतं, आणि पठ्ठ्याने दोन दिवस सांगितलंही नव्हतं, ‘भूमिकेत आहे’ म्हणून. चूक माझी होती. खाताना पानाला बोटभर लावतो ती वस्तू मुठीत धरून ठेवायची नसते हे मला कळायला हवं होतं. मॅडम काय ओरडल्या ते लिहीत नाही.

चुन्याऐवजी खायचा सोडा घेतला तर रंग नारिंगी, संत्र्याच्या गोळीसारखा. धुण्याच्या सोड्याला मॅडमनी आधीच नाही म्हटलं होतं. शेवटी आईने विचारलं, “पापडखार चालेल का गं?” उडदाच्या पापडाचं पीठ खाराने पिवळट पडतं हे ती जाणून होती, तेवढंच तिचं शास्त्र. चालला. चमचाभर पापडखार अर्धा कप पाण्यात घेतला, मुठीत धरायची वेळ एका मिनिटाच्या आत ठेवली आणि विंगेत आल्या आल्या हात धुवायला पाणी ठेवलं. रंग चुन्याइतका गडद नव्हता, पण हात शाबूत राहिला.

एक गोष्ट कुठल्याही पाककृतीत लिहिलेली नसते, ती म्हणजे हा लाल टिकत नाही. अल्कात करक्युमिन लवकर विस्कटतं, काही मिनिटांत ताजेपणा जातो आणि थोड्या वेळाने तपकिरी, शिळं दिसायला लागतं. आधी करून ठेवायची सोयच नाही. दर वेळी, दर प्रयोगाला, ते त्याच क्षणी व्हायला लागतं. मला हे आवडायला लागलं होतं.

मग प्रकाशाने घात केला. तो प्रसंग अमावस्येच्या रात्रीचा, म्हणून लाईट निळा. रंगीत तालमीला भगताने हात बुडवला आणि परातीत डांबर झालं. निळ्या उजेडात लाल काळं दिसतं, हे शाळेत शिकलो होतो, पण शाळेत शिकलेलं असं वेळेवर कुठे आठवतं! लाईटवाले काका वरून म्हणाले, “पोरी, मला आधी सांगायचं ना. परातीवर एक साधा पांढरा स्पॉट टाकतो, बारीक. कंदिलाचा आहे असं समजतील.” खरोखर तसंच समजले. बक्षीससमारंभात परीक्षकांनी कंदिलाच्या उजेडाचं कौतुक केलं. कंदील पूर्णवेळ विझलेला होता.

संहिता परिनिरीक्षण मंडळाकडे पाठवून प्रमाणपत्र आणायचं काम दुसऱ्याकडे होतं. पण त्या निमित्ताने मी एक संध्याकाळ २०१३ चा जादूटोणाविरोधी कायदा वाचत बसले. २० ऑगस्टला पुण्यात डॉ. दाभोलकरांचा खून झाला, त्याच महिन्यात वटहुकूम निघाला आणि डिसेंबरात नागपूरच्या अधिवेशनात कायदा झाला, एवढं ठाऊक होतं. शिक्षा किती हे माहीत नव्हतं : कमीत कमी सहा महिने, जास्तीत जास्त सात वर्षं, आणि दंड पाच हजारांपासून पन्नास हजारांपर्यंत. मी हे तालमीत वाचून दाखवलं तर आमचा भगत म्हणाला, “मला साल गेल्याबद्दल सूट मिळेल का?” हशा झाला. पण घरी जाताना बसमध्ये मला वाटत राहिलं की मी रोज बसून जे करतेय ते नेमकं भगताचंच काम आहे. मापं, स्पंज, उजेडाचा कोन. फरक एवढाच की माझ्याकडे अकरावं पान होतं.

प्राथमिक फेरीत अकरावं पान फसलं.

लाल अजून गडद व्हावा म्हणून मी कुणाला न विचारता पापडखार दुप्पट केला होता. नवव्या पानाला सभागृहातून जो आवाज आला तो ऐकून मी विंगेत नाचले. अकराव्याला सुनेने लिंबू पिळलं, स्टेशनबाहेरच्या ठेल्यावरून आणलेलं, दिसायला टपोरं आणि आत चोथा. पाणी जरासं फिकं झालं, बस. तिने पुन्हा पिळलं. तांबडंच. देवीची बाजू जिंकतेय असं चित्र! पोरीने डोकं चालवलं. “हळद आहे ही! आमच्या स्वयंपाकघरातली हळद!” असं ओरडून तिने परातीतलं पाणी भगताच्या पांढऱ्या धोतरावर भिरकावलं. टाळ्या पडल्या. आम्ही पुढच्या फेरीत गेलो, तरी मला रात्रभर झोप नव्हती.

मॅडमनी दुसऱ्या दिवशी फळ्यावर सरळ हिशोब मांडला. जेवढा खार, तेवढं आम्ल. एका लिंबात तीन-चार चमचे रस, तोही नशिबात असला तर. तिथून मी लिंबावर विश्वास ठेवणं बंद केलं. पापडखार पुन्हा पहिल्या मापावर आणला. वाण्याकडून लिंबूफूल आणलं, थोड्या पाण्यात दाट विरघळवलं आणि औषधाच्या दुकानातून आणलेल्या नव्या सिरिंजने देठाजवळून लिंबात भरलं. लिंबू फुगून टणक झालं. तेवढ्यात आमच्या खोलीवर डबा द्यायला आलेल्या शेजारच्या मावशींनी ते पाहिलं : टेबलावर हळद, पितळी परात, सात लिंबं आणि माझ्या हातात सुई. त्या डबा ठेवून न बोलता गेल्या. पुढचे दोन दिवस आईला मजल्यावर सगळ्यांना समजावत फिरावं लागलं.

लिंबूफुलाने एक न मागितलेली गोष्ट दिली. आम्ल खारावर पडलं की कार्बन डायऑक्साइड सुटतो. सोड्यावर लिंबू पिळलं की फेस येतो तोच प्रकार. पण परातीत तो लाल पाण्याला आला. लिंबू पिळताच तांबडं तीर्थ सळसळलं, उकळल्यासारखं वर आलं आणि फेसाखालून पिवळं होऊन खाली बसलं. दिग्दर्शक माझ्याकडे बघत राहिला. मी असं दाखवलं की हे मी ठरवूनच केलंय.

अंतिम फेरी. बाहेर “अरे, आवाज कुणाचा” चालू होतं, आमच्या कॉलेजचा आवाज शेजारच्यांपेक्षा कमी होता. सेट लावायला मिळालेल्या मिनिटांत मी परात ठेवली, कलती केली, अर्क ओतला, स्पंज भगताच्या मुठीत दिला, लिंबू सुनेच्या ओटीत. मग विंगेत उभी राहिले. मला प्रत्येक चमचा ठाऊक होता. तरीही बोटावरून चाकू फिरला आणि पाणी तांबडं झालं तेव्हा माझ्या हातावर काटा आला. प्रेक्षकांतलं एक लहान मूल मोठ्याने म्हणालं, “आई, खरं रक्त!” पुढे लिंबू, फेस, पिवळं, ब्लॅकआउट. आम्हाला दुसरं पारितोषिक मिळालं. पहिलं ज्यांना मिळालं त्यांच्या नाटकात एक खुर्ची सोडून स्टेजवर काहीच नव्हतं, हे मी अजून पचवते आहे.

सामान आवरताना मी परात घेऊन बेसिनकडे निघाले. झाडलोट करणाऱ्या एक मावशी विंगेच्या दाराशी उभ्या होत्या. त्यांनी नाटक पडद्याआडून पूर्ण पाहिलं होतं.

“बेसिनमध्ये ओततेस?”

“हो. हळदीचं पाणी आहे, मावशी. हळद, पापडखार आणि लिंबूफूल.”

“बघितलं की मी. तिनं सांगितलं ना शेवटी.” त्या जरा थांबल्या. “पण पायदळी नको जाऊ देऊस. बाहेर झाड आहे.”

रात्रीचे साडेअकरा वाजले होते, टेम्पोवाला हॉर्न मारत होता, आणि मी एक पितळी परात दोन्ही हातांनी सावरत, पाणी न सांडता, तीन पायऱ्या उतरून गेले आणि झाडाच्या बुंध्याशी ते हळूहळू ओतलं. मावशी दारात होत्या, म्हणून, असं मी टेम्पोत मुलांना सांगितलं. त्या तेव्हा दारात नव्हत्या.

भगताचं धोतर आईने साबणाला हात न लावता नुसत्या पाण्याने धुतलं आणि गॅलरीत भर उन्हात टाकलं. हळद उन्हाला टिकत नाही, दोन दिवसांत डाग गेला. परात चिंच लावून तीनदा घासली, अगदी नवी दिसायला लागली. मे महिन्यात ताईचं लग्न होतं. मी माळ्यावरून परात काढून दिली तर आईने ती हातात घेतली, उलटसुलट केली आणि परत माझ्याकडे दिली.

“काकूकडची मागितली आहे मी.”

“अगं, पापडखार तूच दिलास ना? हळद होती ती.”

“माहितीय मला,” आई म्हणाली. “ठेव वर.”